तिसऱ्या बाटलीतले थेंब

आमी कोन गावचे. बाप भात लावायचा, मी सातवीनंतर पनवेलला शिपाई म्हणून चिकटलो, तो पण अन्न तपासणीच्या साहेबांकडं, म्हणजे ज्याच्या दुकानात शिरू तो तोंड वाकडं करणार. साहेब नमुना घ्यायचे, त्याचे तीन भाग, तीन बाटल्या, लाखेचं सील मी लावायचो. एक बाटली तपासायला मुंबईला, दोन आमच्या कपाटात, कोर्टानं मागितल्या तर. दूध असलं तर नासू नये म्हणून प्रत्येकीत औषधाचे वीस थेंब, मोजून. ते काम माझं.

पळस्प्याला एक दूधवाला होता, नाव नको. माझ्या भाचीचं बाळ त्याच्याच दुधावर, आणि ते अंगच धरत नव्हतं, म्हणून मीच साहेबांना म्हटलं, साहेब, तिकडं एकदा चला. गेलो. पंच कोण व्हायला तयार नाय, सही म्हटली की माणसं पळतात बगा, शेवटी पंक्चरवाल्याला धरला. दोन बाटल्यांत थेंब टाकले आणि दूधवाल्याची म्हातारी चहा घेऊन आली, आपल्यातलीच बाई, नाय कसं म्हणणार, उभ्यानंच घेतला. मग तिसरी बाटली, सील, कागदाचं वेष्टण, सह्या. परत येताना एसटीत बसलो आणि काय केल्या आठवेना, तिसरीत थेंब टाकले का नाय टाकले?

मुंबईला पहिली बाटली गेली होती, तिचा रिपोर्ट आला, दुधात पाणी. केस उभी राहिली. दोन वर्षं नुसत्या तारखा, काय सांगू तुमाला, मी रोज कपाट उघडायचो, ती तिसरी बाटली हलवायचो, कानाला लावायचो, वास घ्यायचो, पण कागदातून काय कळतंय, आणि सील तर तोडता येत नाय. बायको म्हणाली, अवो, साहेबांना सांगून मोकळे व्हा. सांगितलं. साहेब म्हणाले, बाळाराम, तू आजवर कधी चुकला नाहीस, टाकलेच असशील, टाकले म्हणून सांग.

कोर्टात वकिलानं विचारलं, चहा कधी घेतला? मधीच घेतला. मग तिसऱ्या बाटलीत थेंब टाकलेले आठवतात का? डोळ्यापुढं भाचीचं बाळ, पण शपथ घेतलेली, तोंडातून निघून गेलं, नक्की नाय सांगता येत. झालं. नमुनाच नियमानं घेतला का नाय, ह्या संशयाचा फायदा मिळून तो सुटला. साहेब महिनाभर माझ्याशी बोलले नायत, भाची तर घरी यायचीच बंद झाली.

पुढं त्या दोन बाटल्या टाकून द्यायचा हुकूम आला. मागं मोरीवर नेल्या, एक फोडली, चांगली. मग ती तिसरी फोडली. ती पण चांगली, साय वर, खाली दूध, औषधाचा वास नाकात चढला. टाकले होते हो मी! मोरीवरच बसलो आणि रडलो.

कोणाला बोललो नाय, तुमालाच सांगतोय. यंदा रिटायर होतोय. भाची आता येते, तिचा पोरगा चौथीत हाय, अंगानं किरकोळच राहिला, डॉक्टर म्हणतात दुधाचाच दोष असं नाय, नसेल पण. परवा बाजारात तो माझ्याबरोबर होता आणि समोरून दूधवाला आला, हात जोडून म्हणतो, दादा, तुमी खरं बोललात म्हणून वाचलो. मी म्हटलं, भलं होवो तुझं. बोललो खरं, पण बाजूला उभ्या त्या पोराकडं मला बघवलं नाय.