पाण्यातला किडा

त्वचेच्या दवाखान्यात कानाएच्या शेजारी एक म्हातारं शेतकरी जोडपं येऊन बसलं.

"अगं, डॉक्टरांनी 'हाकुसेन' लिहिलंय. म्हणजे काय गं?"

"आपलं ते पायाला खाज सुटते ते, मिझुमुशीच हो."

"मिझुमुशी म्हणजे पाण्यातला किडा. मग तसं लिहायचं ना!"

"किडा नसतोच म्हणे. ती बुरशी असते. एकाच्या पायाची दुसऱ्याला लागते."

"मग तुझ्या भावाच्या शेतातल्या पाण्यात मला चावलं ते काय?"

"काही चावलं नाही. उगाच त्या शेतावर राग धरून वीस वर्षं माझ्या माहेरी आला नाहीत."

कानाएचा नंबर पुकारला, तरी ती उठली नाही.

"नक्की किडा नाही?"

"नाही हो."

"मलम किती दिवस लावायचं?"

"तीन महिने."

"मग भाताच्या कापणीला जाऊ तुझ्या भावाकडे."