सोलांजनं कट म्हटलं

मी मूळची मिरजेची. वडिलांचा फोटो स्टुडिओ, लग्नाच्या शूटिंगच्या ऑर्डरी घ्यायचे, आणि ते जोडायचं काम माझ्याकडं, म्हणजे मंगलाष्टकं, पंगत, पाठवणी, पाठवणी स्लो मोशनमध्ये, मागं सनई. मग पुण्यात मालिकांचं एडिटिंग केलं, लग्न झालं, नवरा आयटीतला, त्याच्या मागोमाग रॉटरडॅमला आले आणि नुसत्या पोळ्या लाटत बसले.

इथं सोलांज भेटली. फ्रेंच बाई, साठीची, इथल्या माणसाशी लग्न करून इथंच राहिलेली. जन्मभर दुसऱ्यांचे सिनेमे एडिट केले तिनं, आणि आता स्वतः डिरेक्ट करत होती, स्वतःच्या आईवर. स्वतःचं स्वतःला कापवत नाही म्हणाली, म्हणून मला घेतलं. इथं सगळ्यांना नावानंच हाक मारतात, मला काही ते जमेना, कितीतरी दिवस मी हाक न मारताच तिच्याशी बोलायचे.

तर काय सांगत होते, शूटिंग. आई इथल्याच एका वृद्धाश्रमात, सोलांज कॅमेरामनला घेऊन तिथं जायची. आणि एडिटरचं डोकं बघा, कुठला तुकडा लागणार ते आधीच ठरलेलं, तेवढा मिळाला की लगेच कट. आई कॉफी ढवळते, कट. खिडकीशी बसते, कट. मला वाटायचं, काय हुशार बाई आहे, काही वाया घालवत नाही.

मग लॉकडाऊन आला. वृद्धाश्रमाचं दार बंद, भेटायचं तर काचेबाहेरून, आणि त्यातच आई गेली. लेकीला आत जाता आलं नाही.

मी घरी डायनिंग टेबलवर काम करत होते, शेजारी मुलीची डच शाळा स्क्रीनवर, आत नवऱ्याच्या मीटिंगा. सोलांजचा फोन आला, खिडकीतला तो शॉट जरा लांबव. मी म्हटलं, पुढं काही नाहीच, कट आहे. ती म्हणाली, नीट बघ, असेल. अहो, नव्हतं. तिलाही ते माहीत होतं, तिनंच कट म्हटलं होतं. मग मी लग्नातली युक्ती केली, शॉट स्लो केला. तिनं बघितला, म्हणाली ही माझी आई नाही, ती इतकी सावकाश कधीच हलली नाही. मग म्हणाली राहू दे. मग म्हणाली काढ. तिचंच डोकं ठिकाणावर नव्हतं, माझं कुठून असणार.

शेवटी मी एक केलं, बरोबर की चूक अजून कळत नाही. शॉटच्या शेवटी डिरेक्टरचा आवाज येतो ना, कट म्हणून, तो आम्ही कायम कापून टाकतो, हाताला सवयच असते. तो मी ठेवला. कारण खिडकीतल्या त्या शॉटमध्ये आवाजासरशी आई मान वळवते आणि लेकीकडं बघते. क्षणभरच, तिथं कॅमेरा बंद. बाकी सगळ्या शूटिंगमध्ये ती एकदाही तिच्याकडं बघत नाही, कारण बघू नकोस असं सोलांजनंच सांगून ठेवलेलं.

सोलांज म्हणाली, माझा आवाज काढ. दुसऱ्या दिवशी म्हणाली, ठेव. मग म्हणाली, तू एडिटर आहेस, तू ठरव. आता मी कोण ठरवणार, आई तिची, सिनेमा तिचा. पण कुणीतरी ठरवायला हवंच होतं, मी ठेवला. तिला पूर्ण सिनेमा दाखवला तेव्हा मास्क लावून आम्ही दोघी लांब लांब बसलो होतो, ती रडतेय की काय ते कळेना, उठून जवळ जावं की नाही तेही कळेना. बसून राहिले.

आता ती दुसरा सिनेमा करतेय, बंदरावर काम करणाऱ्या बायकांवर. आणि बाई कट म्हणायचंच विसरते. कॅमेरामन हिच्याकडं बघतो, ही समोरच्या बाईकडं. त्या बाईचं जेवण झालं, ती उठून गेली, रिकामी खुर्ची दिसतेय, तरी चालूच. इतकं मटेरियल येतं की बघता बघता माझा जीव जातो. नवरा म्हणतो, सांग की तिला. काय सांगू. बघू दे, पोटभर बघू दे.