दोन वाक्यं कापली होती

हसू नका, पण सिनेमा कापणाऱ्या बाईला मी एकदा चूक दाखवली होती.

दुबईत, अल क्वोजच्या एका स्टुडिओत मी चहा करायचो. तिथं एक फ्रेंच मॅडम होती, एडिटर. तीस वर्षं दुसऱ्यांचे सिनेमे कापत आणि जोडत आलेली. मी विचारलं, "मॅडम, तुमचं काम पडद्यावर दिसतं कुठं?"

म्हणाली, "चाचा, दिसलं तर समजा चुकलं."

माझी बायको सकीना वारली, तेव्हा फोनमध्ये तिचे तीन व्हिडिओ होते, तीन ईदला रत्नागिरीहून पाठवलेले. मॅडमला म्हटलं, एवढे एकत्र जोडून द्या. मराठी तिला ओ की ठो कळत नव्हतं, तरी दोन दिवस बसली. जोड कुठं दिसला नाही. पण मला चुकल्या-चुकल्यासारखं वाटलं.

"मॅडम, ती तीनदा म्हणते, 'कधी येताय?' इथं एकदाच आहे."

"प्रत्येक व्हिडिओच्या शेवटी तेच वाक्य होतं, चाचा. पुन्हा पुन्हा नको म्हणून दोन काढली. आमचं कामच ते. काय म्हणते ती?"

मी मोडक्यातोडक्या इंग्रजीत सांगितलं.

"आणि तुम्ही काय सांगायचात?"

"दरवेळी एकच. इन्शाल्ला, पुढच्या ईदला."

मॅडम पुन्हा कॉम्प्युटरकडे वळली. दोन्ही वाक्यं जागच्या जागी परत बसवली. मग हळूच विचारलं, "शेवटी गेलात कधी?"

"गेलो ना, मॅडम. दफनाच्या दुसऱ्या दिवशी."