सबमिटचं बटण

तुम्ही सगळ्याजणी नवऱ्यांच्या गेमवर हसताय, पण माझा राग अजून उतरला न्हाई, बाई.

गेल्या वर्षी सरकारी नोकरीच्या फॉर्मचा शेवटचा दिवस होता, मुदत संध्याकाळी पाचची. दोन दिवस बंद पडलेली साइट त्याच दुपारी चालू झाली. मी घरचा कॉम्प्युटर लावला, तर अक्षरं ही एवढी भाकरीएवढी! तरी कसाबसा सगळा फॉर्म भरला. शेवटी एक चौकट उघडली, अन् तिच्यातलं सबमिटचं बटणच पडद्याच्या खाली गेलेलं. चौकट वर सरकेना, लहान होईना.

पावणेपाचपासून ह्यांना ऑफिसात फोन लावत होते. चौथ्यांदा उचलला.

"पडद्याला काय केलंत तुम्ही?"

"अगं, रिझोल्यूशन कमी केलं. आता गेम अडकत न्हाई, लई मस्त पळते."

"अन् माझं सबमिटचं बटण पळालं त्याचं काय? लवकर सांगा, नीट कसं करू?"

"थांब, साहेब आले." फोन कट!

मी दिसेल तिथं क्लिक करत राहिले. पाच वाजले अन् फॉर्म बंद झाला.

सहाला हे आले. माऊस धरला, दोन-चार क्लिक केले, अक्षरं पहिल्यासारखी झाली.

"बघ, एवढंच तर होतं. रडतीस काय? पुढच्या वर्षी भर की."

मी म्हणाले, "पुढच्या वर्षी माझं वय बसत न्हाई."

तेव्हा कुठं त्यांनी हातातला माऊस सोडला.