दोन चांदांचा महिना

कमलाक्का, महावीर, सूनबाई, बाजारपेठेतली सगळी मंडळी, आणि माझ्यासारखे सकाळच्या गाडीने आलेले सगळे, तुम्हाला नमस्कार.

जन्मभर मुलांना सांगत आले, उभे राहा, मोठ्याने बोला, घाबरू नका. आज माझीच पाळी आली. शब्द अडखळले तर सांभाळून घ्या.

मी मालती. जळगावला पिंप्राळ्यात राहते, शाळेत मराठी शिकवत होते. पण माहेर माझं इथलंच, दोंडाईच्याचं. चंपालाल भाऊंचं घर आणि आमचं घर, मधे एकच भिंत. भाऊ घरात मारवाडी बोलायचे, दुकानात आणि माझ्याशी अहिराणी. त्यांना राखी मी बांधायची.

तुम्ही त्यांना कापडवाले चंपालाल भाऊ म्हणून ओळखता. मी ज्या भाऊंना ओळखत होते, त्यांच्या आभाळात दोन चांद होते.

हसू आलं तर हसा. ते स्वतःही हसायचे.

त्यांचे वडील पंचांग पाहिल्याशिवाय गल्ल्याला हात लावत नसत. हा दिवस चांगला, तो वाईट. लहानपणी एकदा गच्चीवर भाऊ मला म्हणाले, "दिन उगना बी नही, तं त्याले वाईट कसं म्हनतस?" मग आम्ही दोघांनी मिळून एक देशच काढला. त्यातलं आभाळ भाऊंचं, शब्द माझे.

त्या देशाला दोन चांद. थोरला जड, सावकाश चालणारा. धाकला चपळ, पण दर तिसऱ्या फेरीला दमून एक दिवस निजून राहणारा. दोघे एकाच दिवशी बुडाले की महिना सरला. म्हणून एखादा महिना आखूड, एखादा सरता सरत नाही. आणि तिथली माणसं महिना सरल्याशिवाय त्याला नाव देत नाहीत. आधी जगायचं, मग नाव.

मोठं झालं की खेळ सुटतात. हा सुटला नाही. मी लग्न होऊन जळगावला गेले आणि पुढे फोन सुरू झाले. भाऊ गिऱ्हाइकापुढे कापडाचा ताका उलगडता उलगडता मनात चांद चालवायचे. दोघे बुडाले की फोन. "ताई, सरना. नाव बोल." आणि मी नाव सांगायची. सगळा कापूस पावसात गेला, त्या महिन्याचं नाव "बठ्ठी कपाशी भिजनी". भाऊंच्या लेकाच्या, महावीरच्या लग्नाचा महिना "गरम जिलबी". करोनात दुकानाचं शटर खाली होतं, कुणी येत नव्हतं, तो महिना "कोनी उना नही". आमची उमर त्या नावांत आहे.

एकदा तर एका गिऱ्हाइकाला भाऊ बोलून गेले, लग्नाचं कापड धाकला बुडाला की घेऊन जा. तो बिचारा शिंदखेड्याचा. मारवाड्यांची एखादी तिथी असेल असं समजून थेट जैन मंदिरात विचारायला गेला. तिथून निरोप आला, चंपालाल, धाकला कोण आणि कुठे बुडाला? भाऊंनी ते कापड स्वतः त्याच्या घरी पोचतं केलं.

भाऊंच्या बायकोला, कमलाक्कांना हे आवडत नाही, असं आम्ही दोघंही समजून होतो. भाऊ रोज चहाच्या वेळी त्यांना सांगत, आज थोरला कुठे, धाकला कुठे. अक्का कपातली साखर ढवळत म्हणायच्या, "रिकामा धंदा."

धुळ्याच्या दवाखान्यात मी भाऊंना भेटायला गेले, तेव्हा डॉक्टरांनी आशा सोडली होती. महिना सरेपर्यंत भाऊ राहायचे नाहीत हे मला दिसत होतं. मी नाव ठरवूनच गेले होते. ते ऐकून जावेत, एवढंच मनात होतं. मी तोंड उघडलं आणि त्यांनी हात वर केला. "महिना चालू शे, ताई. चालू महिनाले नाव देतस का?"

मी म्हटलं, भाऊ, या वेळी चालेल.

"चालाव नही," ते म्हणाले. आणि मग, "जेवनी का?"

त्याच आठवड्यात भाऊ गेले.

तेव्हापासून मला एकच घोर लागला. तुम्हाला वेडेपणा वाटेल. महिना अर्धाच राहिला होता. आता "सरना" कोण सांगणार? आभाळ माझ्याकडे कधी नव्हतंच. थोरला कुठे आहे, धाकला निजला की चालतोय, मला काय ठाऊक? सरला असं कुणी म्हटलंच नाही, तर त्याला नाव नाही. नाव नाही, तर पुढचा महिनाही नाही. फोन वाजला की मी धावायची, आणि तो दुसऱ्याच कुणाचा असायचा. भाऊ गेले हे मला चितेपाशी कळलं नाही. ते त्या फोनपाशी कळलं.

काल सकाळी फोन वाजला. कमलाक्का होत्या.

"मालतीताई," त्या म्हणाल्या, "धाकला काल निजेल व्हता, आज बुडना. थोरला बी बुडना. सरना. नाव बोल."

मी विचारलं, अक्का, तुम्हाला कसं कळलं?

त्या म्हणाल्या, "रोज चहाले त्यासनाजोडे कोन व्हतं?"

मंडळी, मी काल नाव सांगू शकले नाही. म्हटलं, उद्या येते, सगळ्यांसमोर सांगते. धुळ्याला नेलेलं नाव होतं माझ्याजवळ. त्यात भाऊंचं जाणं होतं, आणि माझं रडणं होतं. रात्री ते सोडून दिलं. भाऊंनी मला अडवलं ते योग्यच केलं. मी समजत होते, या महिन्यात घडायचं ते घडून गेलं. घडलं नव्हतं. अक्कांचा फोन यायचा होता.

तेव्हा भाऊ, तुमचा महिना सरला, अक्कांनी सांगितलं म्हणून. त्याचं नाव ठेवते.

"अक्कानी सांगं."

पुढचा महिना आजपासून चालू आहे. त्याचं नाव कुणालाच माहीत नाही. अक्का, सरला की फोन करा. मी जवळच असेन.

आता आपण भाऊंसाठी उभे राहू या. कुणी मिनिटं मोजू नका. अक्का बसतील, तेव्हा आपणही बसू.