मृगाआधीचं पाणी

नाई जी, मी तिच्या आंगाले हात लावत नाई, घाबरू नका — इथंच बसते वावराच्या धुऱ्यावर, तुमच्या बाजूले, कॅमेऱ्याच्या मधात नाई येत. पण एवढं सांगा, ते अजून किती वेळ उभी राहीन? पाह्यलं का पाय कसे लटलट कापून राह्यले? कालच्या सकाळपासून पाण्याचा थेंब नाई तोंडात — अन् हे मे महिन्याचं ऊन! पाखरू बी दबून बसते झाडात. माही लेक उभी हाय.

तुमाले सांगतलं असंन तिनं, पण पुरं नसंन सांगतलं. संत्र्याचं पाणी तोडतो आमी — ताण देतो — पानं सुकली का मंग मृगाच्या पाण्यावर फूल फुटते. मधातच पाणी देल्लं तर नुसती पालवी, बहार गेला, सालभराचं पीक गेलं. तर पूनम म्हणते, झाडाले नाई तवलोक मलेही नाई! खोडाले लावतो तो बोर्डोचा लेप, चुना-मोरचुदाचा, सोताच्या पायाले फासला अन् राह्यली वळीत उभी, झाडावानी. म्या म्हणलं, मृगाले लय दिस हायेत, मरशीन ना पोरी. तर म्हणे, पाहू.

पहिले चित्रं काढे ते, मंग नागपूरले नाटकं, मंग फिलमा — आता म्हणते तिन्ही एकच हाय. आमाले काय समजते? पाह्यालेच कोणी येत नव्हतं ना जी! जाम नदीत दिवसभर कागदाचं लुगडं नेसून बसली होती, तवा पाह्याले बकऱ्या होत्या अन् मी. आता तुमी आल्या, मुंबईच्या मोठ्या प्रदर्शनाच्या — म्हणून हलत नाई ते. काय म्हणता? तिचं काम हाय, मधात पडता येत नाई? असं कसं जी?

सकाळी लोधीखेड्याच्या बाया आल्या, पूनमच्या आंगात देवी आली म्हणून, नारळ घेऊन. म्या फोडले ना नारळ! परसाद वाटला. खोटं कायले बोलू, बरं वाटलं मले — येडी म्हणत होत्या तिले, त्याच पाया पडून राह्यल्या होत्या. तिचे ओठ फाटलेले दिसत होते मले, तरी अजून एक फोडला. माय असते का अशी?

तो आवाज? असंन कोणाच्या वावरातली मोटर. लाइन आली असंन.

तिचे बाबा सौंसरले गेले, लग्नाले. सांजच्या बसनं येतीन. एकेक झाड लेकरावानी वाढवलं त्यायनं — कोणत्या तोंडानं सांगू त्यायले… नाई, काही नाई, असंच बोलून गेली. बंद करा ना तो कॅमेरा, एकदा. कोणी पाह्यत नाई असं दिसलं का बसंन ते खाली. हात जोडते, बाई. पाया पडते. — नाई?

बरं. मंग पाय वर घ्या, पाण्याच्या दांडात हायेत तुमचे, चपला भिजतीन. पाणी येऊन राह्यलं. मोटर आमचीच हाय. चालू करूनच बसली मी तुमच्याजवळ — तुमी हो म्हणल्या असत्या तर पळत जाऊन बंद केली असती. आता उतरलं पाणी आळ्यात. उठा तुमी, जा आता. पूनम! अवो पूनम, खाली पाह्य — झाडं पेऊन राह्यले. पे, माय माही. आता तू बी पे.