कॉनराडचं शूटिंग

दुक्महून मस्कतला निघालेल्या बसमध्ये मागच्या सीटवर दोघं मराठीत बोलायला लागले, तसे प्रशांतने डोळे मिटून घेतले आणि कान उघडे ठेवले.

"कॉनराड गेल्याचं वसईला कळवलंस का, कौशिक?"

"कळवलं. फोनवर सांगून पटेना, म्हणून त्याच्या बायकोला, उर्सुलावहिनीला, प्रेताचा फोटो पाठवला."

"फोटो कशाला पाठवायचा?"

"मग काय करू? ते ग्रीक सिनेमावाले आले होते ना ड्रायडॉकवर, जहाजदुरुस्तीवर सिनेमा काढायला, त्यांना नट नकोच होते. वेल्डर खरा, नावही खरं. कॉनराडला म्हणाले, तू कॉनराडच राहा आणि शेवटी परांचीवरून पडून मर."

"नाव तरी बदलायचं रे."

"मी तेच म्हटलं. हसला. वरून मेल्याच्या सीनमधला, चादरीखाली झोपलेला स्वतःचा फोटो घरी पाठवला. बाई दिवसभर रडली, तेव्हा याने फोन करून सांगितलं, शूटिंग आहे म्हणून."

"आणि काल खरंच पडला."

"जागेवरच खलास."

"काय म्हणाली मग वहिनी फोटो बघून?"

"हसली. म्हणाली, कौशिकभाऊ, त्याला सांगा, एकदा फसले, आता नाही फसायची."

मागे फोन वाजायला लागला.

"तिचाच आहे."

"घे ना."

"तू घे."